घटकेचं नेढं: चार दिवसांची वाट, तीन तऱ्हेचा वेळ

हा डोंगर कुठल्याही नकाशावर नाही, त्यामुळे तिथे कसं पोहोचायचं हे विचारू नये. पोहोचल्यावर काय करायचं, ते मात्र नीट सांगता येतं. वाट अवघड नाही. एक सोंड, एक लांबलचक पदर (डोंगराच्या अंगावरची सपाटी), एक धार आणि धारेच्या कातळाला आरपार पडलेलं भोक, म्हणजे नेढं. पायांत दम असलेला कोणीही हे चार दिवसांत करतो. फसतात ते हिशोबात.

हिशोब असा. पायथ्यापासून पांढऱ्या रेघेपर्यंत वेळ सरळ चालतो. रेघेच्या वर, पदरावर, तो मंदावतो: आपल्या घड्याळात एक तास होतो तेव्हा बाहेर एक तास आणि वर एक घटका, म्हणजे ८४ मिनिटं, उलटलेली असतात. पदर संपून धार लागली की वेळ पुन्हा सरळ. आणि नेढ्यात तो सुसाट: बाहेरच्या एका मिनिटात आत एक घटका, म्हणजे २४ मिनिटं, उरकतात. इथे दोन वेळा सांभाळायच्या असतात. अंगाची वेळ घड्याळ दाखवतं, कारण घड्याळ आणि शरीर एकाच ठिकाणी असतात. उन्हाची वेळ सावली दाखवते. घड्याळ कधीच चुकत नाही, फक्त ते अंधार कधी पडणार हे सांगत नाही.

पहिला दिवस: पायथा (६४० मी.) ते रेघेखालचा मुक्काम (१,०२० मी.)

अंतर साडेचार किलोमीटर, चढ ३८० मीटर. स्कॉटिश गिर्यारोहक नेस्मिथचा १८९२ सालचा जुना नियम (ताशी ५ किलोमीटर, शिवाय दर ६०० मीटर चढाला एक तास) लावला तर दीड तास येतो. पाठीवर चार दिवसांचं ओझं असतं, म्हणून त्याच्या दीडपट, सव्वादोन तास धरावेत. सोंडेवर घसारा आहे, पण वाट मळलेली आणि चुकायला जागा नाही. दिवसाचं खरं काम चालण्याआधी पायथ्याला असतं.

प्रत्येकाचं घड्याळ सेकंदापर्यंत जुळवायचं. मग एक पुठ्ठ्याची सावलीतबकडी मांडायची: गोल तबकडी, तिच्यावर दर १५ अंशांना एक रेघ (सूर्य तासाला १५ अंश सरकतो), मधोमध काडी. काडीचं टोक आकाशाच्या ध्रुवाकडे रोखलेलं हवं. ते जमिनीशी त्या जागेच्या अक्षांशाइतका कोन करतं. तबकडी आणि घड्याळ पहिल्या दिवशी जुळणारच नाहीत. रेखांशाच्या एका अंशाला चार मिनिटं, शिवाय ऋतूप्रमाणे सूर्य स्वतःच पंधरा-सोळा मिनिटांपर्यंत पुढेमागे होतो. घाबरायचं काही नाही. पायथ्याला जो फरक येईल तो वहीच्या पहिल्या पानावर लिहायचा आणि पुढे प्रत्येक वाचनातून वजा करायचा. हा फरक न लिहिता वर गेलेल्या गटाची वही नंतर काही कामाची राहत नाही.

तसं पाहिलं तर प्रत्येकच डोंगर वेळेत थोडी लुडबुड करतो. १६७२ मध्ये फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ ज्याँ रिशे यांनी पॅरिसहून दक्षिण अमेरिकेतल्या कायेनला नेलेलं लंबकाचं घड्याळ दिवसाला अडीच मिनिटं मागे पडू लागलं, कारण विषुववृत्ताजवळ गुरुत्वाकर्षण किंचित कमी. डोंगरावरही तेच: किलोमीटरभर उंचीवर लंबक दिवसाला दहाएक सेकंद मागे पडतो. अणुघड्याळ मात्र तिथेच उलटं वागतं आणि दिवसाला साधारण ९ नॅनोसेकंद पुढे जातं. पहिली चूक यंत्राची, दुसरी खरोखरच वेळेची. २०१० मध्ये तर फक्त ३३ सेंटिमीटर उंचीचा फरक दोन अणुघड्याळांनी पकडला. घटकेच्या डोंगरावर यातलं काहीच चालू नाही. गुरुत्वाकर्षणाने वेळ एवढा मंदावला असता तर पदरावरून बाहेरचे रंग निळ्याकडे सरकलेले दिसले असते. तसे ते दिसत नाहीत. उजेड कमीजास्त होतो, रंग जागच्या जागी राहतात.

मुक्काम रेघेच्या तीस मीटर खाली, झऱ्याशेजारी. अंधार पडायच्या आत रेघ बघून यावी. कातळात हातभर रुंदीची पांढऱ्या गारेची शीर आहे, पण खरी रेघ तिच्या चार बोटं वर किंवा खाली असते. ती गवतावरून ओळखायची. वारा सुटला की अलीकडचं आणि पलीकडचं गवत वेगळ्या ठेक्यात डोलतं. अलीकडचं पातं सात झोके घेतं तोवर पलीकडचं पाचच. गुडघ्यावर बसून दोन पाती निवडावीत आणि मोजावं. सात-पाच जमलं की रेघ तुमच्या नाकासमोर आहे.

दुसरा दिवस: पदर ओलांडून धारेवरच्या टाक्यापाशी (१,३९० मी.)

उन्हाच्या सात वाजता रेघ ओलांडायची. ताठ उभं राहून, एका ढांगेत. बुटाची नाडी बांधायला म्हणून एक पाय अलीकडे आणि एक पलीकडे ठेवून बसणारे हमखास भेटतात. हृदय ज्या वेगाने रक्त पाठवतं त्या वेगाने पलीकडचा पाय ते परत करत नाही. मिनिटभरात मुंग्या येतात, पाच मिनिटांत पाय सुजतो. ओलांडली की पाच मीटर पुढे जाऊन थांबायचं. मागचा माणूस खालून बघत असतो, त्याला पुढचे सगळे पेंगल्यासारखे दिसतात आणि तो विनाकारण ओरडायला लागतो. वरच्यांनी सात मिनिटं वाट पाहिली की खालचा दहा मिनिटं ताटकळलेला असतो, हे दोन्हीकडच्यांनी लक्षात ठेवलं तर निम्मी भांडणं टळतात.

त्या ओरडण्याचंही एक गणित आहे. रेघेखालचा आवाज पदरावर चढा होऊन येतो. खाली कोणी षड्ज लावला तर वर तीव्र मध्यम ऐकू येतो. उलट, पदरावरून दिलेली हाक खाली घोगरी आणि ओढल्यासारखी पोहोचते. गंमत इथवर. डोंगरात संकटाची खूण म्हणजे मिनिटाला सहा शिट्ट्या, मग मिनिटभर शांतता, आणि उत्तर मिनिटाला तीन शिट्ट्यांचं. पदरावरच्या माणसाने त्याच्या मिनिटात मारलेल्या सहा शिट्ट्या खाली ८४ सेकंदांत पसरतात. खालचा मिनिट मोजून चार-पाचवर थांबतो आणि ही खूण नव्हे असं ठरवतो. म्हणून इथे मिनिट मोजायचंच नाही. सहा शिट्ट्या, मग तेवढाच मोठा खंड, मग पुन्हा सहा, असा आकार ओळखायचा.

पदर सहा किलोमीटरचा, चढ जेमतेम २६० मीटर. नियमाने, ओझ्यासकट आणि अर्धा तास विश्रांती धरून घड्याळात तीन तास. बाहेर ४ तास १२ मिनिटं. म्हणजे पदर संपतो तिथली वरची रेघ गाठताना घड्याळ दहा वाजल्याचं सांगतं आणि ऊन अकरा वाजून बारा मिनिटं. दिवस-रात्र समान असतात त्या सुमाराला बारा तासांचा दिवस पदरावर घड्याळाच्या ८ तास ३४ मिनिटांत संपतो. सूर्य सरकताना डोळ्याला जाणवत नाही, पण झाडाच्या सावलीत विसाव्याला बसलेला माणूस उन्हात लवकर येतो, हे जाणवतं.

आडाख्यासाठी हात पुरतो. हात लांब करून चार बोटं आडवी, सूर्य आणि क्षितिजाच्या मध्ये धरायची. सपाटीवर चार बोटं म्हणजे साधारण तासभर उजेड. पदरावर तेच चार बोटं ४३ मिनिटांचं चालणं. हा आकडा पाठ असलाच पाहिजे, वही ओली होऊ शकते.

ऊन, वारा, पाऊस सगळं बाहेरून येतं, म्हणून पदरावर ते सगळं जवळजवळ दीडपट लागतं. डोळे दिपतात, मान भाजते. तंबू शक्यतो इथे टाकायचाच नाही. टाकावा लागलाच तर खुंट्या दुप्पट. ओढे दोन आहेत. पहिला साधा. दुसरा वरच्या रेघेला लागून वाहतो आणि फसवतो: रेघेच्या वर तो ज्या चालीने येतो त्याच्या जवळपास दीडपट जोर खाली लागतो. पाणी घोट्यावर असेल तर पदरातून ओलांडावा. गुडघ्याला लागत असेल तर आधी रेघ चढावी आणि ओढा धारेच्या बाजूने ओलांडावा. वीस मीटरचा वळसा पडतो, पण पाय टिकतात.

जीपीएस बंद ठेवलेलं बरं. उपग्रहांवरची घड्याळं दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, आणि तेवढी दुरुस्ती केली नाही तरी ठिकाण किलोमीटरांनी चुकतं. इथे फरक तासाला २४ मिनिटांचा. यंत्र बिचारं शोधतच राहतं आणि बॅटरी संपवतं. दगडांच्या लगोऱ्या मात्र जागच्या हलत नाहीत. दर दोनशे मीटरला एक आहे.

धारेवरून टाक्यापर्यंत सव्वा किलोमीटर, पाऊण तास. टाक्याचं पाणी गाळून, उकळून घ्यावं. या उंचीवर ते साधारण ९५ अंशांनाच उकळतं, त्यामुळे शिजायला थोडा जास्त वेळ लागतो. हा साधा डोंगरी प्रकार आहे, वेळेच्या भानगडीशी त्याचा संबंध नाही.

तिसरा दिवस: नेढं

टाक्यापासून नेढ्याच्या तोंडापर्यंत बारा मीटरचा कातळटप्पा. पकडी भरपूर, पण खाली दरी आहे, म्हणून तीस मीटरचा दोर हवा. दोर सांभाळणाऱ्याने नेढ्याच्या बाहेरच्या कट्ट्यावर बसायचं. आत बसून दोर धरण्याचा मोह होतो, कारण आतून बघणाऱ्याला बाहेरचा माणूस घसरताना चोविसाव्या वेगाने दिसतो आणि सावरायला भरपूर वेळ मिळतो. पण बाहेरच्याला तो टप्पा चढायला दहा मिनिटं लागतात. आतल्याचे तेवढ्यात चार तास होतात. चार तास ताठ दोर धरून कोणी बसत नाही. दुसऱ्या तासाला लक्ष उडतं, तिसऱ्याला डोळा लागतो.

नेढं सहा मीटर रुंद, चार मीटर उंच, बारा मीटर लांब. त्याच्या तोंडाशी असलेली रेघ पदराच्या रेघेसारखी माफ करणारी नाही. वाकून, डोकं आधी घालून आत शिरलं तर डोकं आत धावायला लागतं आणि हृदय अजून बाहेर असतं. डोक्याला चोविसाव्या हिश्शाने रक्त मिळतं. घेरी येते आणि माणूस तोंडावर पडतो, तेही कट्ट्याच्या काठाशी. शिरायचं ते ताठ, छाती पुढे करून, दोन्ही पाय जुळवून छोट्या उडीने. बाहेर पडतानाही तसंच. पाठपिशवी पाठीवर नको, हाताने आधी आत सरकवावी.

आत गेल्यावर पहिली जाणवते ती शांतता. माणसाची हाक आत ऐकूच येत नाही, कारण चोवीसपट खाली उतरलेला आवाज कानाच्या पट्ट्याबाहेर जातो. शिट्टीचा कर्कश सूर तेवढा उरतो, तोही भोपळ्यासारखा घुमणारा. परत बोलावण्याची खूण म्हणून बाहेरच्याने पाच सेकंद एकसलग शिट्टी मारायची. आत ती दोन मिनिटं गुणगुणते, झोपलेला माणूसही उठतो. आतलं बोलणं बाहेर पाखरांच्या चिवचिवाटासारखं येतं, त्यातून शब्द काढण्याचा प्रयत्न व्यर्थ.

उजेड भर दुपारी संध्याकाळइतका. रात्री बसलं तर मोजके ठळक तारेच दिसतात, आणि तासाभरात चंद्र स्वतःच्या रुंदीपेक्षा जेमतेम जास्त सरकतो.

पण बघण्यासारखा आहे तो थेंब. तोंडाच्या वरच्या ओठावर शेवाळ आहे, तिथून पाणी गळतं, रेघेच्या बाहेरून. आत भिंतीला टेकून त्या ओठाकडे बघावं. थेंब आधी फुगतो, बराच वेळ फुगतच राहतो, मग मानेशी बारीक होतो. ती मान तुटताना दिसते, मागे एक इवलासा दुसरा थेंब सुटतो. मोठा थेंब लांबुळका, मग चपटा, मग पुन्हा लांबुळका असा थरथरत खाली यायला लागतो. चार मीटर पडायला बाहेर ०.९ सेकंद लागतो, आत बसलेल्याला साधारण बावीस. सुरुवातीला इतका सावकाश की हात पुढे करून झेलावासा वाटतो. तो हात रेघेबाहेर काढू नये. मुंग्यांचं प्रकरण इथे चोवीसपट आहे.

आत करू नयेत अशा गोष्टींत पहिली म्हणजे चूल किंवा शेगडी पेटवणं. नेढं दोन्हीकडून उघडं आहे, म्हणून माणसं निर्धास्त असतात. पण बाहेरचा सेकंदाला तीन मीटरचा वारा आत सेकंदाला बारा-तेरा सेंटिमीटरने सरकतो, म्हणजे जवळपास नाहीच. धूर आणि कार्बन मोनॉक्साइड साचतात. चारपेक्षा जास्त माणसंही एका वेळी नकोत.

दुसरी चूक, पाऊस टाळायला आत शिरणं. बाहेर तासभर कोसळणारी सर आत बसलेल्याला पूर्ण चोवीस तास पुरते. त्यापेक्षा कट्ट्याखालच्या कपारीत भिजलेलं परवडतं.

आणि तिसरी, जीव घेणारी चूक: जखमी माणसाला सावली आणि आडोसा आहे म्हणून नेढ्यात निजवणं. समजा मदत पायथ्यावरून यायला सात तास लागणार आहेत. जखमी धारेवर असेल तर त्याला सात तास काढायचे आहेत. पदरावर असेल तर पाच. नेढ्यात असेल तर सात दिवस. या डोंगरावर घेण्यासारखा खरा शहाणा निर्णय हाच एक आहे: हलवता येण्यासारखा माणूस असेल तर त्याला पदरावर न्यायचं, शक्यतो खालच्या रेघेच्या अगदी वर, म्हणजे मदत घेऊन येणारे सरळ वेळेत चढतात आणि जखमीचं घड्याळ तेवढं हळू चालतं. त्याच्या नाडीचे ठोके त्याच्याजवळ बसलेल्यानेच मोजायचे. रेघेखालून मोजले तर ७० ची नाडी ५० भरते आणि खालचा घाबरून भलतंच काहीतरी करतो.

मग नेढ्याचा उपयोग काय? दुरुस्तीला. बुटाचा तळ उकलला, डिंक लावून चार तास दाबून ठेवायचा आहे, तर बूट दगडाखाली आत ठेवावा आणि बाहेर दहा मिनिटांनी घ्यावा. झोप राहिली असेल तर तीही. आणि हिशोब फेडायला: जाताना पदराने घड्याळ ७२ मिनिटं मागे टाकलेलं असतं, उतरताना आणखी ५४ टाकणार, एकूण १२६. नेढ्यात घड्याळाप्रमाणे २ तास ११ मिनिटं बसलं की बाहेर साडेपाच मिनिटं जातात आणि घड्याळ नेमकं तेवढंच पुढे सरकतं. पायथ्याला उतरताना ते सावलीशी पुन्हा जुळतं. याची सक्ती नाही. पण जुळलेलं घड्याळ घेऊन उतरायची ज्यांना हौस आहे त्यांनी अर्धा लीटर पाणी आत न्यावं, आणि शिरण्याआधी नैसर्गिक विधी उरकून घ्यावेत, कारण गजर लावून बसलेल्या गटात मध्येच बाहेर जाऊन आलेल्याचं गणित वेगळं होतं.

चौथा दिवस: उतार

उन्हाच्या आठला वरची रेघ. पदर उतरताना घड्याळात सव्वादोन तास, बाहेर ३ तास ९ मिनिटं. अकराच्या पुढे खालची रेघ, एकच्या आत पायथा.

हे सकाळीच का, तर एक नेहमीचा फसलेला हिशोब बघा. हिशोब न फेडलेला गट निवांतपणे दुपारी निघतो. वरच्या रेघेवर घड्याळ तीन दाखवतं. सूर्यास्त सहाला, उतरायला सव्वादोन तास, म्हणजे पाऊण तास हातात, असं त्यांना वाटतं. पण घड्याळ ७२ मिनिटं मागे आहे, बाहेर चार वाजून बारा मिनिटं झालीत. उरला १०८ मिनिटांचा उजेड, आणि तो पदरावर घड्याळाच्या ७७ मिनिटांत संपतो. एवढ्यात साडेतीन किलोमीटर होतात. पहिला ओढा अजून पुढेच असतो. तशी वेळ आलीच तर शेवटच्या लगोरीपाशी थांबावं, विजेरी जपावी. रात्रही आखूडच असते, साडेआठ तासांची.

खालची रेघ उतरल्यावर बसून पाणी प्यायचं. गुडघे दुखत असतात ते सरळ वेळेतच दुखतात. पायथ्याला पोहोचून तबकडी पुन्हा मांडायची, पहिल्या पानावरचा फरक वजा करायचा आणि सगळ्यांची घड्याळं तिच्याशेजारी ठेवायची. एकत्र चाललेल्यांच्या घड्याळांत मिनिट-दोन मिनिटांचाच फरक निघतो. तिसऱ्या दिवशी टाक्यापाशी कोणी तरी ‘बाटली वर राहिली, दोन मिनिटांत आलो’ म्हणून एकटाच परत गेला असेल, तर त्याचं घड्याळ बाकीच्यांपेक्षा शेहेचाळीस मिनिटं पुढे असतं, आणि तो ताजातवाना का दिसत होता तेही मग कळतं.